‘केक खा’ असं ती म्हणालीच नव्हती!

फ्रान्सच्या राणीला लोकांनी ज्या गोष्टींसाठी शिव्या घातल्या, त्यातल्या बऱ्याचशा खोट्या होत्या. आणि तिने जे खरोखर केलं, ते कोर्टात कुणाला सिद्धच करता आलं नाही. गिलोटिनखाली गेलेल्या मारी आंत्वानेतची ही गोष्ट.

शाळेतल्या इतिहासाच्या पुस्तकातलं एकही साल तुम्हाला आठवत नसेल, पण हे वाक्य नक्की आठवत असेल. फ्रान्समध्ये लोक पाव मिळत नाही म्हणून ओरडतायत आणि राणी महालातून विचारते, ‘पाव नाही? मग केक खा की!’ झालं. एका वाक्यात अख्खी राज्यक्रांती समजली. राणी बिनडोक, लोक उपाशी, मग डोकं उडणारच.

प्रॉब्लेम एवढाच, की ती हे म्हणाल्याचा कुठलाही पुरावा नाही.

हे वाक्य येतं रुसोच्या आत्मचरित्रात. तिथे ते ‘एका थोर राजकन्येच्या’ तोंडी आहे, नाव दिलेलं नाही. आणि केकही नाही, ब्रिओश आहे, म्हणजे लोणी-अंडी घातलेला गोडसर पाव. रुसोने हा भाग लिहिला १७६५ ते १७६७ च्या सुमारास. तेव्हा आपली नायिका व्हिएन्नात होती, दहा-बारा वर्षांची, फ्रान्समध्ये पाऊलही न टाकलेली. ज्या दिवसांची आठवण रुसो सांगतोय, तेव्हा तर ती जन्मलीही नव्हती. आणखी एक गंमत म्हणजे क्रांतीच्या काळात तिच्याविरुद्ध हजारो पानं छापली गेली, त्यात तिच्या जिवावर उठलेल्यांनीही हे वाक्य वापरल्याचं सापडत नाही. ते तिला चिकटलं नंतर.

आम्हाला मास कॉमच्या पहिल्याच सेमिस्टरला शिकवतात, बातमी आली की आधी विचारा, सोर्स कोण? मारी आंत्वानेतच्या बाबतीत हा प्रश्न जवळपास दोनशे वर्षं कुणी धड विचारला नाही.

चौदा वर्षांची नवरी

ऑस्ट्रियाची सम्राज्ञी मारिया थेरेसा हिला सोळा मुलं. त्यातली ही पंधरावी, जन्म २ नोव्हेंबर १७५५. ऑस्ट्रिया आणि फ्रान्स हे पिढ्यानपिढ्यांचे वैरी, नुकतेच दोस्त झालेले. दोस्ती पक्की करायची तर एक लेक तिकडे द्यायची, हा त्या काळचा साधा हिशेब. आपल्याकडच्या संस्थानिकांनाही तो चांगलाच ठाऊक होता. मुलीचे दात वाकडे होते, ते व्हर्सायला पसंत पडेनात, म्हणून फ्रेंच दंतवैद्य बोलावून तारा लावून सरळ करून घेतले. एवढ्यावरून अंदाज घ्या.

मे १७७० मध्ये ऱ्हाईन नदीतल्या एका बेटावर खास मंडप उभारून तिला फ्रेंचांच्या ताब्यात दिलं. माहेरची माणसं, माहेरचे कपडे सगळं तिथेच सोडायचं, अशी रीत. जवळच्या स्ट्रासबुर्गमध्ये कायदा शिकणारा विशीतला एक पोरगा हा मंडप बघायला गेला होता. भिंतींवर टांगलेले गालिचे बघून तो भडकलाच. त्यावर ग्रीक पुराणातल्या जेसन आणि मेडियाची कथा विणलेली होती, म्हणजे जगातल्या सगळ्यात भयानक लग्नाची. नव्या नवरीच्या स्वागताला! त्या पोराचं नाव गटे. पुढे तो जर्मन भाषेतला सगळ्यात मोठा लेखक झाला.

१६ मे १७७० ला व्हर्सायमध्ये लग्न झालं. ती चौदाची, तो पंधराचा. दोन आठवड्यांनी पॅरिसमध्ये लग्नानिमित्त आतषबाजी ठेवली होती. पंधराव्या लुईच्या नावाच्या चौकात तुडुंब गर्दी, त्यात आग लागली, चेंगराचेंगरी झाली आणि सरकारी आकड्यानुसार १३२ माणसं मेली. आपल्याकडे असतं तर ‘पांढऱ्या पायाची’ म्हणून सुनेला आयुष्यभर ऐकवलं असतं. नवरा-बायकोने आपले महिन्याचे पैसे मृतांच्या कुटुंबांना पाठवून दिले. त्या चौकाचं नाव लक्षात ठेवा, तिथे आपल्याला परत यायचंय.

व्हर्साय म्हणजे घर नव्हतंच. जेवण लोकांसमोर, झोपायला जाणं लोकांसमोर, बाळंतपणसुद्धा लोकांसमोर. राणीने सकाळी कपडे घालायचे तर सदरा तिच्या हातात कुणी द्यायचा याचाही प्रोटोकॉल. तिची दासी मादाम काँपाँ हिने आठवण लिहून ठेवलीय. हिवाळ्यातली सकाळ, राणी उघडी उभी, दासी सदरा देणार इतक्यात मोठ्या मानाची बाई आत आली. मग सदरा तिच्याकडे. ती देणार तोवर तिच्याहून मोठी आली. मग जाऊबाई आल्या. सदरा या हातातून त्या हातात फिरतोय आणि राणी हाताची घडी घालून कुडकुडतेय.

लग्नानंतर आठ वर्षं मूल झालं नाही. दोष तिचा नव्हता, म्हणजे दोघांपैकी कुणाचा फारसा नव्हता. दोन लाजऱ्या टीनएजर्सना कुणी काही नीट सांगितलेलंच नव्हतं. पण बोट कुणाकडे दाखवलं गेलं असेल ते मी तुम्हाला सांगायची गरज नाही. आई व्हिएन्नाहून पत्रावर पत्रं पाठवून विचारतेय, काय झालं का, काय झालं का. शेवटी १७७७ मध्ये मोठा भाऊ सम्राट दुसरा योसेफ स्वतः आला आणि मेहुण्याला बाजूला घेऊन बोलला. पुढच्या वर्षी डिसेंबरात मुलगी झाली. खोलीत इतके बघे घुसले होते की राणी बेशुद्ध पडली.

तिचं चुकलं कुठे?

आता तुम्ही म्हणाल, म्हणजे बिचारी साधीभोळीच होती की! नाही हां. आजेसासरे पंधरावे लुई १७७४ मध्ये देवीने वारले आणि अठराव्या वर्षी ही फ्रान्सची राणी झाली. पुढची सात-आठ वर्षं तिने जे केलं त्याला उधळपट्टी हाच शब्द आहे. रोझ बेर्ताँ नावाची ड्रेस डिझायनर तिच्याकडे सतत ये-जा करायची, लोक तिला ‘फॅशनमंत्री’ म्हणायचे. कपड्यांसाठी वर्षाला १,२०,००० लिव्र मंजूर असायचे, १७८५ मध्ये बिल त्याच्या दुपटीवर गेलं. केस फूट-दीड फूट उंच रचायचे आणि त्यावर पांढरी पावडर. ही पावडर बनायची गव्हाच्या पिठूळ स्टार्चपासून. पाव महागलेल्या शहरात राणीच्या आणि तिची कॉपी करणाऱ्या बायकांच्या डोक्यावर पीठ. चित्र डोळ्यांसमोर आणा.

पत्त्यांचा जुगार हा दुसरा नाद. एकविसाव्या वाढदिवसाला बसलेला डाव म्हणे तीन दिवस चालला. आणि सगळ्यात वाईट म्हणजे मैत्रिणींवरची मेहेरनजर. पोलिन्याक घराण्यातली एक मैत्रीण आवडली, तर तिच्या अख्ख्या खानदानाला पेन्शनी, पदव्या, नोकऱ्या. पेती त्रियानाँ हा छोटा महाल नवऱ्याने तिला भेट दिला, तिथे ती म्हणेल त्यालाच प्रवेश. ज्यांना आमंत्रण नसायचं ते सरदार पॅरिसला जाऊन तिथे काय काय चालतं याच्या कहाण्या रचायचे. पुढे तिने तिथे एक खोटं खेडंही बांधून घेतलं, गवती छपरांची घरं, गायी, दुधाचा गोठा. खरं खेडं बघायचं असतं तर व्हर्सायच्या बाहेर तासभर गाडी हाकली असती तरी पुरे होतं.

पण गंमत बघा, तिने साधेपणा केला तरी शिव्याच. १७८३ मध्ये एलिझाबेथ विजे-लब्रँ या चित्रकर्तीने तिचं पोर्ट्रेट पॅरिसच्या प्रदर्शनात लावलं. जरतारी नाही, दागिने नाहीत, अंगात पांढऱ्या मलमलीचा सैल झगा आणि डोक्यावर गवती हॅट. आज बघितलं तर समर कलेक्शनची जाहिरात वाटेल. लोक खवळले. राणीचं चित्र आतल्या कपड्यांत काढलंय म्हणाले! आणि वर, हिने मलमल घातली तर लियाँच्या रेशीम विणकरांनी काय खायचं? मलमल तर परदेशी, हिंदुस्थानच्या व्यापारातून युरोपात पोचलेला माल. चित्र काढून टाकावं लागलं, त्या जागी रेशमी पोशाखातलं दुसरं लावलं. महागडं घातलं तर उधळी, साधं घातलं तर देशद्रोही.

छापखाने, लंडन आणि बॅस्टिल

तिच्याविरुद्धचा मजकूर कुठून यायचा हे जास्त इंटरेस्टिंग आहे. ‘लिबेल’ नावाच्या छोट्या चोपड्या निघायच्या. राणीचे प्रियकर कोण, मैत्रिणींशी काय संबंध, मुलं कुणाची, असला मजकूर, वर अश्लील चित्रं. फ्रान्समध्ये सेन्सॉरशिप होती म्हणून या चोपड्या लंडनला नाहीतर हॉलंडमध्ये छापायच्या आणि चोरून आणायच्या. बरेचदा हा सरळ ब्लॅकमेलचा धंदा असायचा. छापणारा आधी फ्रेंच सरकारला कळवायचा, की असं असं पुस्तक तयार आहे, पैसे द्या नाहीतर बाजारात आणतो. सरकार पैसे मोजायचं. मग दुसरा छापणारा उभा राहायचा, कारण पैसे मिळतात हे आता सगळ्यांना कळलेलं असायचं. १७७४ मध्ये तर बोमार्शे हा नाटककार सरकारतर्फे असल्या सौद्यांसाठी लंडनला गेला होता.

जप्त केलेल्या प्रती कुठे ठेवायच्या? बॅस्टिलच्या तुरुंगात. पुढे १४ जुलै १७८९ ला बॅस्टिल पडलं तेव्हा कैदी सापडले फक्त सात. जप्त केलेली पुस्तकं मात्र भरपूर. पाठोपाठ सेन्सॉरशिपही कोसळली, मग काय, छापखान्यांना कुणी विचारणाराच उरला नाही.

आणखी एक गोष्ट. या कहाण्यांचे पहिले सोर्स गरीब लोक नव्हतेच. दरबारातलेच नाराज सरदार आणि नातलग होते. ‘ऑस्ट्रियावाली’ हा टोमणा व्हर्सायमध्येच जन्मला. फ्रेंचमध्ये त्या शब्दाच्या शेवटी ‘कुत्री’ असा शब्द ऐकू येतो, त्यामुळे तो रस्त्यावर आणखीच चालला. घरातल्यांनी लावलेली आग पुढे त्यांच्याच हवेल्यांपर्यंत गेली.

न घेतलेल्या हाराची किंमत

या सगळ्याचा क्लायमॅक्स म्हणजे हिऱ्यांच्या हाराचं प्रकरण. वेब सीरिज लिहायला बसलात तरी इतकं जमणार नाही.

बोमेर आणि बासाँज या दोन जोहऱ्यांनी ६४७ हिऱ्यांचा एक अवाढव्य हार बनवला होता, पंधराव्या लुईच्या मैत्रिणीसाठी. लुई मेला, हार अंगावर पडला. किंमत १६ लाख लिव्र. त्यांनी तो मारी आंत्वानेतला दाखवला, तिने नको म्हटलं.

इथे एन्ट्री होते झान द ला मोतची. जुन्या राजघराण्याच्या एका अनौरस फांदीची वंशज, खिशात दमडी नाही, डोकं मात्र तल्लख. तिला सापडला एक बकरा, कार्डिनल रोहाँ. खानदानी, श्रीमंत, मोठा धर्मगुरू, पण राणी त्याच्याशी वर्षानुवर्षं बोलत नव्हती आणि त्यामुळे त्याची राजकारणातली वाट अडली होती. झानने सांगितलं, राणी माझी खास मैत्रीण आहे, मी जमवून देते. मग राणीची म्हणून खोटी पत्रं येऊ लागली. ऑगस्ट १७८४ मध्ये एका रात्री व्हर्सायच्या बागेत अंधारात ‘राणी’ कार्डिनलला भेटली, एक गुलाब दिला आणि दोन शब्द बोलून गेली. ती राणी नव्हती. पॅरिसमधून पैसे देऊन आणलेली निकोल नावाची एक मुलगी होती, चेहरा साधारण जुळणारा.

कार्डिनल पुरता वितळला. राणीला तो हार गुपचूप हवाय, हप्त्याने, तुमच्यामार्फत, असं कळल्यावर त्याने हार उचलला आणि झानच्या हवाली केला. हिरे सुटे करून ते लंडनच्या बाजारात पोचलेसुद्धा. खरेदीच्या कागदावर सही होती ‘मारी आंत्वानेत द फ्रान्स’. आता राण्या फक्त नावाने सही करतात, ‘द फ्रान्स’ वगैरे कधीच लिहीत नाहीत. हे दरबारात जन्म काढलेल्या कार्डिनलला कळायला हवं होतं की नाही? राजाने नंतर पहिला मुद्दा हाच काढला.

हप्ता आला नाही तसे जोहरी थेट राणीकडे पोचले आणि भांडं फुटलं. इथे राणी चुकली, आणि मोठी चुकली. प्रकरण दाबता आलं असतं. ती इतकी संतापली होती की १५ ऑगस्ट १७८५ ला, सणाच्या दिवशी, धर्मगुरूच्या पूर्ण पोशाखातल्या कार्डिनलला सगळ्या दरबारासमोर अटक झाली. खटला उघड चालला. ३१ मे १७८६ ला निकाल लागला, कार्डिनल निर्दोष. म्हणजे न्यायालयाने आडून असं म्हटलं, की राणी अंधारात परपुरुषाला भेटली असेल आणि चोरून हार मागवला असेल, असं वाटणं अगदीच अशक्य नाही. बाहेर लोकांनी जल्लोष केला. झानला फटके आणि डागण्या मिळाल्या, तुरुंगात टाकलं. पुढच्या वर्षी ती पळून लंडनला गेली आणि तिथे काय केलं असेल? बरोबर. राणीविरुद्ध पुस्तकं लिहिली. ती खपली.

न घातलेल्या, न मागवलेल्या हाराने राणीची उरलीसुरली पत धुऊन टाकली. १७८७ पासून तिला नवं नाव पडलं, ‘मादाम देफिसी’, म्हणजे तुटीची राणी.

तुटीचं काय होतं ते पटकन सांगते. १७८८ च्या हिशेबात सगळ्या राजदरबाराचा खर्च, राणी-राजा-भाऊ-काका-नोकर सगळे धरून, एकूण सरकारी खर्चाच्या सहा टक्क्यांच्या आसपास होता. कर्जफेड होती निम्मी. ते कर्ज मुख्यतः युद्धांचं, त्यातलं अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धाला केलेल्या मदतीचं एकटं एक अब्ज लिव्रच्या वर. आणि ज्यांच्याकडे पैसा होता ते सरदार आणि चर्च करांतून बरेचसे मोकळे. त्यांच्यावर कर लावायचा प्रस्ताव आला, त्यांनी हाणून पाडला. पण ‘कररचनेतील विषमता’ या विषयावर व्यंगचित्र काढणं अवघड. उंच केसांच्या बाईवर सोपं.

जाता जाता, १० ऑगस्ट १७८८ ला टिपू सुलतानाचे तीन वकील व्हर्सायला सोळाव्या लुईसमोर उभे होते, इंग्रजांविरुद्ध फौज मागायला. पॅरिसमध्ये त्यांच्या कपड्यांची प्रचंड क्रेझ झाली. फौज काही मिळाली नाही, तिजोरी रिकामी होती. तारीख लक्षात ठेवा, ही पण परत येणार आहे.

पावाचा भाव आणि राणीचं पत्र

१७८८ ची गारपीट, पडलेलं पीक, भयंकर थंडी, १७८९ मध्ये गगनाला भिडलेला पावाचा भाव, हे सगळं तुम्ही शाळेत घोकलंय. तिच्या बाजूने तो उन्हाळा बघा. ४ जून १७८९ ला तिचा सात वर्षांचा थोरला मुलगा हाडांच्या क्षयाने गेला. व्हर्सायमध्येच देशभरातले प्रतिनिधी जमले होते, रोज नवा पेच. महिनाभराने बॅस्टिल पडलं. ५ ऑक्टोबरला पॅरिसच्या हजारो बायका पाव मागत, पावसात वीसेक किलोमीटर चालत व्हर्सायला आल्या. पहाटे काही लोक महालात घुसले, दोन पहारेकरी मारले गेले आणि राणी अनवाणी गुप्त दारातून नवऱ्याच्या खोलीकडे पळाली. नंतर गर्दीने तिला बाल्कनीत बोलावलं. ती मुलांना घेऊन आली. ‘मुलं नकोत!’ असा ओरडा झाला. तिने मुलांना आत पाठवलं आणि बंदुका रोखलेल्या गर्दीसमोर एकटी उभी राहिली. मग काही जण चक्क ‘राणी चिरायू होवो’ ओरडले. त्याच दिवशी सगळ्या कुटुंबाला पॅरिसच्या त्विलरी महालात आणलं, म्हणायला महाल, खरं तर नजरकैद.

इथून पुढे मात्र मला तिची बाजू घेणं अवघड जातं.

जून १७९१ मध्ये कुटुंब वेश बदलून पळालं. मुलांची गव्हर्नेस रशियन उमरावीण बनली, राणी तिची नोकर, राजा तिचा गडी, राजपुत्राला फ्रॉक घातलेला. पळायचं तर हलकी गाडी हवी, यांनी घेतली सहा घोड्यांची भलीमोठी. वाटेत टपालचौकीवरच्या द्रुए नावाच्या माणसाने राजाला ओळखलं आणि व्हारेन गावात सगळे पकडले गेले. ज्या राजावर लोकांचा अजूनही थोडा विश्वास होता, तो त्या रात्री संपला.

आणि त्यानंतर राणीने लिहिलेली पत्रं. स्वीडनचा काउंट फेर्सन हा तिचा जवळचा माणूस, पळून जायचा बेत त्यानेच आखला होता. त्याला ती सांकेतिक लिपीत, अदृश्य शाईने पत्रं लिहायची. २०२१ मध्ये फ्रेंच संशोधकांनी एक्स-रे तंत्राने त्यातल्या खोडलेल्या ओळी वाचल्या, त्यात प्रेमाचे शब्द निघाले. खोडणारा फेर्सन स्वतःच होता. मीडियात गाजलं ते हेच. पण प्रेमपत्रांपेक्षा गंभीर पत्र वेगळं आहे. मार्च १७९२ मध्ये, फ्रान्स आणि ऑस्ट्रियाचं युद्ध तोंडावर आलेलं असताना, तिने फ्रेंच सैन्य कुठून हल्ला करणार याची मंत्रिमंडळातली माहिती ऑस्ट्रियाला कळवली. तिकडे गादीवर होता तिचा भाचा. इकडे सीमेवर मरणार होती ती फ्रेंच शेतकऱ्यांची पोरं.

माझ्या मते हा सरळ देशद्रोह आहे. तिचे चाहते म्हणतात, तिच्या दृष्टीने देश म्हणजे राजा, आणि राजा कैदेत होता. असेल. पण सैनिकाला गोळी लागते तेव्हा तिला हा फरक कळत नाही.

लोक ओरडत होते ते केक, हार आणि प्रियकर यांच्यावरून. हे पत्र त्यांना माहीतच नव्हतं.

१० ऑगस्ट १७९२. टिपूचे वकील आले होते त्याला बरोबर चार वर्षं झालेली. त्विलरीवर हल्ला झाला, राजेशाही संपली, कुटुंब टेम्पल नावाच्या जुन्या मनोऱ्यात बंद झालं. सप्टेंबरात राणीची मैत्रीण लांबाल हिला जमावाने मारलं आणि तिचं डोकं भाल्यावर लावून राणीच्या खिडकीखाली नाचवलं. २१ जानेवारी १७९३ ला लुईचा शिरच्छेद झाला. जुलैत आठ वर्षांच्या मुलाला आईपासून तोडलं. ऑगस्टमध्ये तिला कॉन्सिएर्जरीच्या तुरुंगात हलवलं, नोंदवहीत नाव ‘कापे यांची विधवा’. पॅरिस ऑलिंपिकच्या उद्घाटनात, २०२४ मध्ये, खिडकीत उभी राहून गाणारी बिनडोक्याची बाई आठवतेय? ती इमारत हीच.

खटला १४ ऑक्टोबरला सुरू झाला. वकिलांना तयारीला जेमतेम एक दिवस. चाळीसेक साक्षीदार आले, कुणी म्हणालं त्रियानाँवर किती उडवले, कुणी म्हणालं दारूच्या बाटल्या सापडल्या. शत्रूला माहिती पुरवल्याचा आरोप होता, पण कागद एकही नव्हता. ती पत्रं जगासमोर आली पुढच्या शतकात. म्हणजे ज्या गुन्ह्यासाठी तिला शिक्षा झाली तो तिने केलेला होता, आणि कोर्टाकडे तो केल्याचा पुरावा नव्हता. हे वाक्य मी तीनदा लिहून खोडलं, पण दुसऱ्या कुठल्याच पद्धतीने ते मांडता येईना.

आणि मग एबेर उभा राहिला. हा पत्रकार, म्हणजे आमच्याच बिरादरीतला, सगळ्यात शिवराळ पेपरचा संपादक. त्याने स्वतःच्याच मुलाबाबत तिच्यावर इतका घाणेरडा आरोप केला की तो मी इथे छापणार नाही. आठ वर्षांच्या पोराला धमकावून कागदावर सही घेतलेली होती. राणी गप्प राहिली. एका ज्यूरीने उत्तर मागितलं तेव्हा ती उठली आणि प्रेक्षकांत बसलेल्या बायकांकडे वळून म्हणाली, की असल्या आरोपाला उत्तर द्यायला आईचा जीवच तयार होत नाही, इथे बसलेल्या प्रत्येक आईला विचारा. काही क्षण सगळं कोर्ट तिच्या बाजूला झुकलं. बाजारातल्या ज्या बायका चार वर्षांपूर्वी तिला ओढून आणायला व्हर्सायला गेल्या होत्या, तसल्याच बायका तिथे बसल्या होत्या.

१६ ऑक्टोबर १७९३, पहाटे चारच्या सुमारास मृत्युदंड सुनावला. लुईला बंद गाडीतून नेलं होतं, तिला उघड्या बैलगाडीसारख्या खटाऱ्यातून, हात मागे बांधून, केस कापून. चित्रकार दाविदने वाटेत खिडकीतून तिचं पेनने रेखाटन केलं. बघा कधी, दोन मिनिटांचं काम, पण ताठ पाठ आणि मिटलेले ओठ डोक्यातून जात नाहीत. सदतीस वर्षांची बाई साठीची दिसते. फाशीच्या मंचावर तिचा पाय चुकून जल्लादाच्या पायावर पडला आणि ती ‘माफ करा, मुद्दाम नाही केलं’ म्हणाली, असं सांगतात. चौक तोच, आतषबाजीचा. आता नाव क्रांती चौक.

तिच्यानंतर तीन आठवड्यांच्या आत ओलँप द गूज गिलोटिनवर गेली. १७९१ मध्ये बायकांच्या हक्कांचा जाहीरनामा लिहिणारी, आणि तो राणीला अर्पण करणारी. पुढच्या मार्चमध्ये खुद्द एबेर गेला. सरकारी वकील फूकिए-तँव्हिल १७९५ मध्ये. तिचा मुलगा त्याच वर्षी टेम्पलच्या मनोऱ्यात, दहा वर्षांचा असताना, आजारी पडून वारला. वाचली फक्त थोरली मुलगी.

शेवटच्या पहाटे साडेचारला तिने नणंदेला पत्र लिहिलं होतं. मुलांना सांभाळ, आणि माझ्या लेकाने आमच्या मरणाचा सूड घ्यायचा विचार करू नये, असं त्यात होतं. मुलाने दबावाखाली जे काही म्हटलं त्यासाठी त्याला माफ कर, असंही. तुरुंगाच्या माणसांनी पत्र वरिष्ठांकडे दिलं, ते पुढे गेलंच नाही. ते सापडलं १८१६ मध्ये, क्रांतीच्या एका जुन्या पुढाऱ्याच्या घरातल्या कागदांत. ज्या नणंदेच्या नावे होतं, तिचं डोकं १७९४ च्या मे महिन्यातच उडवलेलं होतं. पत्र मिळालं ते मुलीला, बावीस वर्षांहून अधिक काळाने.